पागोळीची हद्द

बाईमाणसाला पत्र्यावर चढू देऊ नये असं ज्यानं कुणी ठरवलं असंल, त्यानं आमच्या पारमिताला बघितलेलं न्हाय. मी रोज बघतो. मी नागेंद्र, निपाणीत टेम्पो चालवतो, आणि माझ्या टेम्पोत निम्मं सामान हिचंच असतंय. पत्र्याच्या पट्ट्या, शिडी, स्क्रूचे डबे आणि एक लांबलचक रबरी पाइप. त्या पाइपपायी मी लई शिव्या घातल्यात. काम झालं की माणसानं चहा घ्यावा नि गाडीत बसावं, का न्हाय? ही तसं करत न्हाय. काम संपलं की पाइप घेऊन पुन्हा छपरावर जाती, कडंवर पाणी सोडती, आणि घरमालकाला खाली भिंतीला हात लावून उभं करती. हात कोरडा राहिला तरच शिडी उतरवायची, असा हिचा नेम. एकदा एका वखारवाल्या शेठला भर उन्हात उभं केलंतं. शेठ घामानं भिजला, भिंत कोरडी राहिली, आणि ही वरनं म्हणती, "हात काढू नका शेठ, अजून झालं न्हाय." मी टेम्पोत तोंड लपवून बसलोतो.

हिचा बाप पत्र्याच्या पेट्या नि डबे करायचा. आई शेवंताबाई तंबाखूच्या वखारीत. दोघांनी हाडाची काडं करून पोरीला शिकवलं. चिकोडीला डिप्लोमा झाला, बेळगावात एका पत्र्याच्या कारखान्यात नोकरी लागली. काम काय, तर गिऱ्हाइकांच्या तक्रारी ऐकायच्या नि जागेवर जाऊन बघायचं. तिथंच हिच्या डोक्यात किडा शिरला. जाईल तिथं मालक पत्र्याला बोल लावायचा, आणि पत्रा असायचा धडधाकट. गळायचं ते कडंला. पत्र्याच्या टोकाला आलेलं पाणी सगळं सरळ खाली पडत न्हाय. बारीक पाऊस असला की ते पत्र्याच्या पोटाला चिकटून मागं येतं, वाशावर उतरतं, वाशावरनं भिंतीत जातं. वरनं बघावं तर छप्पर ठणठणीत, नि आत वाशाचा भुसा झालेला.

"मधला पत्रा सगळी बघतात अण्णा, कड कुणी बघत न्हाय," असं मला कितींदा सांगितलं असंल तिनं. मी दर वेळी "व्हय बाई" म्हणतो. न्हायतर पुन्हा पहिल्यापास्नं सांगती.

बाप गेल्यावर तिनं नोकरी सोडली, त्याच्या दुकानात पत्रा वाकवायचं यंत्र आणलं आणि फक्त कडंची कामं घ्यायला लागली. शेवंताबाईंची जीभ तंबाखूपेक्षा तिखट. "पत्राच वाकवायचा हुता तर चिकोडीला कशाला गेलतीस? घरात बसून वाकवला असतास," म्हणल्या. त्यावर ही हसली. दुसऱ्या आठवड्यात बघतो तर शेवंताबाई वखारीतनं सुट्टी काढून शिडी धरून उभ्या. मी म्हणलं, काय मावशी, पोरीवर राग हुता न्हवं? तर म्हणल्या, "राग हाय. पर पडली तर माझ्या अंगावर पडू दे." अशा त्या दोघी.

लोकांनी सुरवातीला टिंगल केली. कडंचं काम म्हणजे काय काम, कुणीबी करतंय, म्हणायचे. आता चिकोडीपास्नं खानापुरापर्यंत लोक हिला फोन लावतात, कन्नड बोलणारे कन्नडात, मराठी बोलणारे मराठीत, नि ही दोन्हीत त्यांना दमात घेती. तिच्याशी आठवड्यातनं एकदा तरी माझं वाजतंच. सोडून जाईन म्हणतो, जात न्हाय.

तर सांगायचं ते गुंजीकडल्या कामाचं.

ओमकार म्हणून एक गडी, बेळगावात चांगल्या नोकरीला, शहापुरात घर. त्याचा फोन आला. त्याची आई नागुबाई गुंजीच्या अलीकडं एका खेड्यात एकटीच राहती. मातीच्या भिंतींचं घर. मागं त्यानं कौलं काढून रंगीत पत्रा घातला. आईला पावसाचा त्रास नको म्हणूनच घातला, बिचाऱ्यानं. आणि तवापास्नं एका बाजूची भिंत दर पावसाळ्यात आतनं ओली व्हायला लागली. कौलं हुती तवा कधी झाली न्हवती. तिकडचा पाऊस म्हणजे निपाणीचा न्हवं. तिकडं तो एकदा लागला की दिवस दिवस उसंत देत न्हाय. म्हातारीची खाट त्याच भिंतीला.

ओमकार फोनवर म्हणाला, "हे शेवटचं. या पावसाळ्यात भिंत ओली झाली तर आईला मी बेळगावला घेऊन येणार. तिला मान्य न्हाय. पर भिंत तिच्यावर पडायची वाट बघत मी बसणार न्हाय."

त्यावर ह्या बाईनं काय म्हणावं? "आषाढात या. भिंतीला हात लावा. ओल लागली तर तुमच्या आईचं गठुडं मी स्वतः गाडीत आणून ठेवीन."

मी कपाळावर हात मारला. कामाला निघालो तवा बेळगाव येईपर्यंत तिला बोलत हुतो. "बघितलं न्हाईस, शिवलं न्हाईस, आणि शब्द देऊन बसलीस? दुसऱ्याच्या म्हातारीचं घर ते. तुझा शब्द चुकला तर तिचं घर सुटणार, तुझं काय जाणार?"

"म्हणूनच चुकणार न्हाय," म्हणली नि खिडकीतनं बाहेर बघत बसली. माझा असा संताप झाला की खानापूर सोडेपर्यंत मी बोललो न्हाय.

नागुबाई दारातच उभी हुती. चणीनं बारीक, पर नजर अशी की माणसानं पायातलं काढून आत यावं. पारमिताला खालपास्नं वरपर्यंत न्याहाळलं नि विचारलं, "कुणाची गं तू?"

"निपाणीच्या पेट्या करणाऱ्यांची लेक. आम्ही बौद्ध," पारमितानं सरळ सांगितलं. असलं विचारलं की ती घोळवत बसत न्हाय.

माझ्या अंगाची लाही व्हायला लागलीती, आता म्हातारी काय बोलती म्हणून. मग म्हणली, "पत्रा नीट बसवतीस न्हवं? मग आत ये. मागचा आलता तो आमच्यातला हुता, त्यानं काय दिवे लावलेत ते बघ."

दिवे बघायला आम्ही आत गेलो. भिंतीचा वरचा भाग काळा पडलेला, वाशांची टोकं बोटानं टोकरली तर भुसा हातात येत हुता. पारमितानं एक पट्टी दाखवली. पत्र्याच्या टोकाखाली बसणारी, खालची कड जराशी बाहेर वळवलेली.

"आज्जी, करंजीला मुरड कशाला घालता?"

"सारण बाहेर पडू नये म्हणून."

"ही तशीच मुरड. पाणी आत येऊ नये म्हणून. टोकाला आलेलं पाणी हिच्यावरनं खाली सुटतंय, मागं फिरत न्हाय. आणि तिच्याखाली पन्हळ लावू. सगळं पाणी गोळा करून लांब सोडू."

मुरड म्हातारीला पटली. पन्हळ म्हणल्याबरोबर तिचा चेहरा बदलला. "पन्हळ न्हाय लावायची," म्हणली. "पागोळी पडायला पायजे."

इथं मला थांबून सांगायला पायजे, न्हायतर शहरातल्या माणसाला हे कळणार न्हाय. छपराच्या कडंवरनं पावसाच्या ज्या धारा पडतात त्या पागोळ्या. आणि आमच्याकडं खेड्यापाड्यात असा जुना मामला हाय की तुमची पागोळी जिथं पडती तिथवर जागा तुमची. कागद असो नसो. नागुबाईच्या त्या ओल्या भिंतीच्या बाजूला तिच्या धाकट्या जावंचं घर, यशोदाबाईचं. दोन घरांच्या मधी एक बोळ, इतका चिंचोळा की जाड माणूस आडवाच जावा. त्या बोळात हिचीबी पागोळी पडायची नि तिचीबी. मग जागा कुणाची? ह्यावरनं दोघींच्या नवऱ्यांनी, सख्ख्या भावांनी, जन्मभर एकमेकांचं तोंड बघितलं न्हाय. दोघंबी गेले. बायकांनी ते भांडण तसंच पुढं चालवलं. बोळात पाय कुणीच टाकत न्हवतं, कारण एक गेली की दुसरी म्हणणार, ताबा घेती.

ओमकारनं कौलं काढली तवा नागुबाई काठी घेऊन खाली उभी राहिलीती. जुनी पागोळी जिथं पडायची तिथंच नव्या पत्र्याचं टोक आलं पायजे, तसूभर आत न्हाय, तसूभर बाहेर न्हाय. त्या पत्रेवाल्यानं तसंच केलं, आणि कडंला काही लावलं न्हाय. आता पन्हळ लावली तर पागोळी पडायचीच बंद. पागोळी बंद म्हणजे, तिच्या हिशेबानं, जागा सोडली.

पारमितानं वाद घातला न्हाय. "बरं, पन्हळ नको तर नको. पट्टी लावते, मग पाणी सोडून बघू," म्हणली. मला वाटलं, चला, लवकर सुटलो.

वाशांची कुजलेली टोकं बदलली, पट्टी बसवली. मग तिनं पाइप वर ओढला, आणि नागुबाईला आतनं भिंतीला हात लावून उभं केलं. आधी बारीक धार सोडली. पाणी पट्टीच्या मुरडीवरनं मोत्यासारखं खाली सुटलं, एक थेंब मागं गेला न्हाय. नागुबाईनं आतनं हाक दिली, "कोरडं हाय गं." मी शिडी उचलायला पुढं झालो.

"थांबा अण्णा," म्हणली नि नळ पुरा सोडला.

कौलावरनं पाणी अडखळत उतरतं. पत्र्यावरनं ते सुसाट येतं. ते बोळाच्या मधी पडलंच न्हाय, थेट पलीकडं यशोदाबाईच्या भिंतीच्या बुडात जाऊन आदळलं. पारमितानं नळ बंद केला, उतरली, आणि दोन्ही घरं बघत असताना सरळ त्या बोळात शिरली. मीबी मागनं गेलो. माझं पोट दोन्हीकडं घासत हुतं, ते सोडा. यशोदाबाईची भिंत खालनं पोखरलेली. माती वाहून गेलेली, आत हात घातला तर कोपरापर्यंत जात हुता.

आज सोडलेल्या पाण्यानं हे झालेलं न्हवतं. नागुबाईचा पत्रा आल्यापास्नं प्रत्येक पावसाळ्यात तिची पागोळी जावंची भिंत खात हुती. दोघींच्यापैकी कुणी बोळात जात न्हवतं, म्हणून कुणी बोलत न्हवतं. असं आम्हाला वाटलं.

पारमिता बाहेर आली, हात झटकले. "आज्जी, तुमची भिंत वाचली. पर तुमच्या पाण्यानं पलीकडली पडणार. पन्हळ लावायला पायजे, उतार मागं, त्यांच्या परड्याकडं मिळतोय."

"तिचं ती बघंल," नागुबाई म्हणली.

"मग मी ही पट्टी काढून नेते."

मी म्हणलं, आता झालं. दिवसभराचं काम, एवढ्या लांबचा पल्ला, आणि ही पट्टी काढायला निघाली. "अगं ए," मी म्हणलो, "तुला काय कळतंय का? आपलं काम हिच्या भिंतीचं हुतं, ते झालं. गावच्या भांडणात पडायला कुणी बोलावलं तुला?"

तिनं माझ्याकडं बघितलंच न्हाय. नागुबाईला म्हणली, "माझ्या हातचं पाणी कुणाच्या भिंतीत जाणार न्हाय. तुमच्याबी न्हाय आणि त्यांच्याबी न्हाय. तसं करायचं तर दुसरं कुणी बघा."

"आणि पट्टी काढलीस की मला बेळगावला जावं लागंल, ते?" म्हातारीचा आवाज पयल्यांदाच चिरकला. "तिथं शहापुरात दोन खोल्या. पोराची नोकरी, सुनंची नोकरी. दिवसभर मी दार लावून बसायचं. हितं मला दारात कोण जातंय कोण येतंय दिसतंय. हितं माझी माती हाय. माझं मालक ज्या जागंसाठी जन्मभर भांडलं ती मी पाण्यात सोडू?"

"आज्जी, तुम्ही बेळगावला गेलात तर ती जागा राखायला कोण राहणार?" पारमितानं विचारलं. रागानं न्हाय, खरंच विचारलं.

नागुबाई उंबऱ्यावर बसली. लई वेळ बसली. मी टेम्पोत जाऊन बसलो, कारण माझं डोकं फिरलंतं. आणि तिथनंच मी ते बघितलं. म्हातारी उठली, पदर डोक्यावर घेतला, गल्लीतनं वळसा घालून जावंच्या दारात जाऊन उभी राहिली. गल्लीतल्या बायका कामं टाकून बघायला लागल्या. मीबी उतरून दाराजवळच्या भिंतीच्या आडोशाला उभा राहिलो, खोटं कशाला सांगू.

यशोदाबाई सुपात तांदूळ निवडत हुती. तिनं मान वर केली न्हाय.

"यशोदे, तुझी भिंत खालनं पोकळ झालीया."

"ठाऊक हाय."

"कवापास्नं?"

"तुझा पत्रा आल्यापास्नं."

"मग तोंड शिवलंतं काय तुझं?"

यशोदाबाईनं सूप बाजूला ठेवलं. "मी तोंड उघडलं असतं तर तू काय म्हणली असतीस? जागंसाठी कांगावा करती म्हणली असतीस."

"व्हय," नागुबाई म्हणली. "तसंच म्हणलं असतं मी."

एक बाई घराची भिंत जाऊ देती, पर जावंपुढं तोंड उघडत न्हाय. माणसाचा हट्ट असतो तरी केवढा.

"ती पोरगी पन्हळ लावायची म्हणती," नागुबाई पुढं म्हणली. "उतार मागंच मिळतोय. पाणी तुझ्या परड्यात जाणार. तू व्हय म्हणलीस तर लावायची."

"आणि पागोळी?"

"पडायची बंद."

"मग जागा?"

नागुबाईनं चौकटीला हात टेकला. "जागा तू घे, यशोदे. मला घर राहू दे. मला बेळगावला मरायचं न्हाय."

हे सगळ्या गल्लीपुढं. आमच्याकडं चारचौघांत असं तोंडातनं गेलं की ते गेलं, मागं घेता येत न्हाय. यशोदाबाईनं तवा पयल्यांदा वर बघितलं. मला वाटलं आता ही जुना सगळा हिशेब काढणार. तर म्हणली, "त्या बोळात मी एकटी काय नाचू? पाणी केळीच्या बाजूला सोडायला सांग तिला. हिरीकडं न्हाय."

पन्हळीचं सामान आणायला खानापुरात जावं लागलं. मुक्काम पडला. माझी कुरकूर चालूच हुती, पर खरं सांगायचं तर घरी जायला मलाच घाई राहिली न्हवती. दुसऱ्या दिवशी पारमितानं पन्हळ बसवली, उतार दोरी लावून बघितला, परड्यात केळीपर्यंत पाइप नेला. मग पाणी सोडलं. या खेपेला दोघी जावा, आपापल्या घरात, आपापल्या भिंतीला हात लावून. बोळात थेंब पडला न्हाय. केळीखाली ओहोळ लागला.

"कोरडं," नागुबाई म्हणली.

"माझी आधीच ओली हाय, मला काय कळणार," पलीकडनं यशोदाबाई. दोघी भिंतीआडनं बोलल्या तेवढंच, पर बोलल्या.

पारमिता पलीकडं गेली, त्या भिंतीवर तळहात फिरवला, बोटानं ठोकून बघितलं. "मावशी, ह्या भिंतीचा शब्द मी देत न्हाय. ही आतपर्यंत भिजलीया. पाणी आता थांबलं, पर झालेलं झालंय. बुडात दगड भरून घ्या, आणि पावसाळाभर ह्या खोलीत निजू नका." असं स्पष्ट सांगितलं. शब्द देताना जशी ती मागंपुढं बघत न्हाय, तशी न देतानाबी बघत न्हाय.

येताना गाडीत मी म्हणलो, "काल पट्टी काढून नेली असतीस खरंच?"

"व्हय."

"म्हातारीचं घर सुटलं असतं."

"सुटलं असतं," म्हणली. जरा वेळानं म्हणली, "रात्री झोप आली नसती मला." ती असलं कधी बोलत न्हाय.

आषाढात ओमकारचा फोन आला. पाऊस धरलेला हुता. गावी निघालोय, तुम्हीबी या म्हणाला, शब्द दिलाय तुम्ही. त्याच्या बोलण्यात राग न्हवता, पर सोडायचीबी तयारी न्हवती. टायर गुळगुळीत, पाऊस असला, कशाला जायचं म्हणून मी पारमितापुढं कटकट केली. ती आधीच रेनकोट घालून टेम्पोत बसलीती. कन्नडात "आयतु" म्हणलो, म्हणजे झालं तर मग, नि गाडी काढली.

गावात पोचलो तर ओमकार आमच्या आधी येऊन गाडीतनं उतरत हुता. आणि समोर बघितलं तर यशोदाबाईच्या घराची बोळाकडची भिंत न्हवती. खाली बसलीती सगळी. वरनं ताडपत्री टाकलेली, आतली भांडी उघड्यावर दिसत हुती. पारमिता पावसात तशीच उभी राहिली.

"दिवसा पडली," शेजारचा एक जण सांगायला आला. "आत कुणी न्हवतं. यशोदाक्का खोली सोडून पुढं ओसरीत निजत हुती." त्यानं मग नागुबाईच्या दाराकडं बोट केलं.

आम्ही आत गेलो. बाहेर धो धो पाऊस, पत्र्यावर नुसता कडकडाट. आत चूल पेटलेली. चुलीपाशी यशोदाबाई भाकरी थापत हुती, आणि नागुबाई तिला सांगत हुती की अशी जाड थापलीस तर आत कच्ची राहती. यशोदाबाई म्हणत हुती, तुझ्यापेक्षा जास्त वर्सं भाकरी थापतीया. भांडणच चालू हुतं, पर आता एका चुलीवर.

ओमकारनं कुणाला राम राम बी केला न्हाय. तो सरळ त्या भिंतीकडं गेला. वरच्या कोपऱ्याला हात लावला, मग मधी, मग खाली खाटंच्या मागं वाकून, तळहात पुरा टेकवून. मी पारमिताकडं बघितलं. ती दारातच उभी, रेनकोट गळत हुता, म्हणून आत येत न्हवती. चेहऱ्यावर काही न्हाय. पर रेनकोटची बाही दुसऱ्या हातानं अशी घट्ट धरलीती की बोटं पांढरी पडलीती. तवा मला कळलं की एवढा शब्द द्यायला हिलाबी किती जड गेलं असंल.

"कोरडी हाय," ओमकार म्हणाला. पुन्हा हात लावून बघितला. "आई, कोरडी हाय."

"मला काय सांगतोस, मी रोज निजते तिथं," नागुबाई म्हणली.

पारमितानं बाही सोडली. मला म्हणली, "अण्णा, टेप आणा गाडीतला. मावशींची नवी भिंत उठायच्या आधी त्यांच्या छपराची कड मोजून घेते." पावसात. मी शिव्या देतच टेप आणायला गेलो, आणि माझे डोळे का भरून आले ते मला विचारू नका.

परत आलो तर ओमकार अजून भिंतीपाशीच. त्यानं आईला विचारलं, बारीक आवाजात, "मग येत न्हाईस?"

"हिला कुठं टाकू?" नागुबाईनं यशोदाबाईकडं हनुवटी केली. "हिची भिंत माझ्या पाण्यानं गेली."

"तिलाबी घेऊन चल की."

"गप बस रे," यशोदाबाई तव्यावरनंच म्हणली. "मी कुठं जात न्हाय."

ओमकार हसला. मग हसता हसता त्याचा चेहरा जरा लहान पोरासारखा झाला. म्हणाला, "मग मीच येतो रविवारी रविवारी. हितंच निजीन."

"ये की," नागुबाई म्हणली. "पर अंथरूण घेऊन ये. तुझ्या खाटंवर आता यशोदी निजती."